खंडेराव मार्केट, बडोदे: महापालिकेच्या इमारतीबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

महापालिकेच्या मुख्य कचेरीला ‘मार्केट’ का म्हणतात?

कारण ती बाजार म्हणूनच बांधली होती. महाराज सयाजीराव गायकवाड (तिसरे) यांनी 1906 च्या सुमारास ती उभी करवली, आपले पूर्वज खंडेराव महाराज यांचं नाव तिला दिलं आणि शहराच्या नगरपालिकेला भेट केली. आज तिथे वडोदरा महानगरपालिकेचं मुख्यालय आहे. कचेऱ्या आल्या तरी नाव बदललं नाही, आणि आवारातला फुलांचा आणि भाजीचा बाजारही लोकांच्या सवयीतून गेला नाही. रिक्षावाल्याला ‘महापालिका’ म्हणण्यापेक्षा ‘खंडेराव मार्केट’ म्हटलं की तो सरळ राजमहाल रस्त्याला आणून सोडतो.

या इमारतीबद्दलच्या बहुतेक प्रश्नांचं उत्तर इथूनच सुरू होतं. बाजार मोकळा, हवेशीर, चारी बाजूंनी माणसांची ये-जा असलेला असावा लागतो. कचेरीला बंद खोल्या, कुलुपं, फायलींची कपाटं लागतात. एकासाठी बांधलेल्या भिंतींत दुसरं बसवलं की काय होतं, ते पुढच्या उत्तरांत दिसेल.

हे खंडेराव कोण? जेजुरीच्या खंडेरायाशी काही संबंध?

इमारतीचं नाव देवाचं नाही, माणसाचं आहे. खंडोबा हे गायकवाड घराण्याचं कुलदैवत, म्हणून घराण्यात ते नाव आलं, इतकाच संबंध. खंडेराव महाराज 1856 ते 1870 बडोद्याच्या गादीवर होते. त्यांचं नाव निघालं की मोत्यांचा गालिचा आणि ‘स्टार ऑफ द साउथ’ हिरा आठवतो. पण डभोई ते मियागाव ही अरुंद मापाची लोहमार्गाची वाट 1862 साली त्यांच्याच काळात सुरू झाली आणि सुरुवातीला तिच्यावरच्या गाड्या बैल ओढत, हे लक्षात ठेवायला हवं. शहराच्या सोयीशी त्यांचं नाव जोडलं जाणं म्हणूनच शोभतं.

सयाजीरावांनी वडिलांच्या नावाने बांधली असं काही जण म्हणतात, काही जण पूर्वजांच्या. खरं काय?

दोन्ही बरोबर आहे, फक्त नातं दत्तकाचं आहे. खंडेराव 1870 साली निवर्तले. त्यांच्यामागे त्यांचे बंधू मल्हारराव गादीवर आले. रेसिडेंट (दरबारातले ब्रिटिश प्रतिनिधी) कर्नल फेअर यांच्यावरच्या विषप्रयोगाचं प्रकरण गाजलं आणि 1875 साली ब्रिटिश सरकारने मल्हाररावांना पदच्युत केलं. मग खंडेरावांच्या विधवा राणी जमनाबाईसाहेबांना दत्तक घेण्याची मुभा मिळाली. नाशिक जिल्ह्यातल्या कवळाणे गावच्या गोपाळराव या 12 वर्षांच्या मुलाला त्यांनी 27 मे 1875 रोजी दत्तक घेतलं. तेच सयाजीराव. म्हणजे जन्माने नव्हे, पण धर्माने आणि कायद्याने खंडेराव त्यांचे वडील. ज्यांना त्यांनी कधी पाहिलं नव्हतं त्यांच्या नावाने एवढी वास्तू उभारली. गादीचा अखंडपणा दाखवण्याची ही जाणीवपूर्वक केलेली गोष्ट आहे, असं आम्ही मानतो.

बांधकामाचं साल कुठे 1906, कुठे 1906-07 दिसतं. कोणतं धरायचं?

लेख लिहिताना 1906 धरा. कागद शोधताना दोन्ही धरा. बडोदे संस्थानचं कारभाराचं वर्ष जानेवारीत सुरू होत नसे. ते 1 ऑगस्टला सुरू होऊन पुढच्या 31 जुलैला संपे. त्यामुळे मार्च 1906 मधला खर्च 1905-06 च्या अहवालात सापडतो आणि नोव्हेंबर 1906 मधला 1906-07 च्या. हे माहीत नसलं की माणूस चुकीचा खंड चाळतो आणि ‘नोंदच नाही’ असा निष्कर्ष काढून मोकळा होतो. संस्थानच्या कुठल्याही इमारतीसाठी नियम सोपा आहे: जे साल हवं त्याच्या आदल्या सालात सुरू होणारा आणि त्याच सालात सुरू होणारा, असे दोन अहवाल काढायचे.

राज्यकारभाराच्या 25 वर्षांनिमित्त ही भेट दिली म्हणतात. पण सयाजीराव तर 1875 ला गादीवर आले. मग 1900 साल यायला हवं ना?

हिशेब दोन प्रकारे होतो. 1875 साली गादी मिळाली तरी महाराज अज्ञान (वयाने लहान) होते. कारभार दिवाण सर टी. माधवराव पाहत. राज्याचे पूर्ण अधिकार महाराजांना मिळाले 28 डिसेंबर 1881 रोजी. तिथून 25 वर्षं मोजली की डिसेंबर 1906 येतो. पुढचे महोत्सव मात्र गादीवर येण्यापासून मोजले गेले: सुवर्णमहोत्सव 1926 च्या जानेवारीत आणि हीरकमहोत्सव 1936 मध्ये. रौप्यमहोत्सवाला एक मोजपट्टी आणि नंतरच्या दोघांना दुसरी, म्हणून लेखांत सालांचा घोळ होतो.

1906 हे वर्ष तसंही बडोद्याच्या इतिहासात भरगच्च आहे. अमरेली तालुक्यात 1893 पासून अजमावून पाहिलेलं सक्तीचं मोफत प्राथमिक शिक्षण याच साली संपूर्ण संस्थानाला लागू झालं. 1908 च्या जुलैत बँक ऑफ बडोदा सुरू झाली. इमारतीकडे सुटं पाहू नका. शाळा, बँक, पाणी, बाजार हे एकाच कारभाराचे भाग होते.

पाच लाख रुपये खर्च आला म्हणतात. ते बाबाशाही की इंग्रजी?

फार चांगला प्रश्न, आणि फार थोडे लोक विचारतात. बडोद्याचं स्वतःचं नाणं बाबाशाही रुपया; त्याची किंमत इंग्रजी म्हणजे कलदार रुपयापेक्षा कमी. विसाव्या शतकाच्या तोंडावर संस्थानने बाबाशाही बंद करून कलदार स्वीकारला. त्यामुळे 1906 च्या इमारतीचे पाच लाख कलदारच. याउलट 1880-90 च्या दशकांतल्या बांधकामांचा आकडा हाती आला तर तो कोणत्या रुपयात आहे हे पाहिल्याशिवाय दोन इमारतींच्या खर्चाची तुलना करू नका. अहवालाच्या पहिल्या पानांत किंवा तक्त्याच्या मथळ्यात नाण्याचा उल्लेख असतो. आकडा उतरवून घेताना तोही उतरवा.

समोरच्या भागात न्यायमंदिर आहे, तेही म्हणे बाजारच होतं?

हो. सुरसागर तलावाजवळचं न्यायमंदिर वास्तुविशारद रॉबर्ट चिझम यांनी आखलं आणि ते मुळात भाजीबाजारासाठी योजलेलं होतं. 1896 साली व्हाइसरॉय लॉर्ड एल्गिन यांच्या हस्ते त्याचं उद्घाटन झालं आणि तिथे न्यायालय बसलं. महाराजांच्या पहिल्या पत्नी, तंजावरच्या चिमणाबाई, 1885 मध्ये निवर्तल्या. त्यांचं नाव या वास्तूला आहे. 2018 मध्ये न्यायालयं दिवाळीपुऱ्यातल्या नव्या संकुलात गेली.

म्हणजे दहा वर्षांच्या अंतराने शहराला दोन देखणे बाजार योजले गेले; एकात कोर्ट शिरलं, दुसऱ्यात नगरपालिका. वास्तूचा उपयोग बदलणं वाईट नाही, त्यामुळेच या दोन्ही उभ्या राहिल्या. वाईट असतं ते बदललेल्या उपयोगाचा भार न मोजणं.

नगरपालिका, महापालिका, सेवासदन: कागदांवर वेगवेगळी नावं का?

1 मे 1949 रोजी बडोदे संस्थान मुंबई राज्यात विलीन झालं. मुंबई प्रांतिक महानगरपालिका अधिनियम, 1949 खाली 1950 मध्ये इथे महानगरपालिका आली. 1960 मध्ये गुजरात राज्य झालं, 1974 मध्ये शहराचं अधिकृत नाव वडोदरा झालं. त्यानंतर मधली काही वर्षं महापालिकेचं ‘वडोदरा महानगर सेवासदन’ असं नाव होतं. त्या वर्षांतल्या पावत्या आणि दाखल्यांवर तेच छापलेलं आहे आणि जुने लोक अजून ‘सेवासदनात जाऊन येतो’ म्हणतात. ही सगळी एकाच संस्थेची नावं. जुना मिळकतकराचा कागद या कारणाने कुणी नाकारला तर घाबरायचं कारण नाही.

इमारत बघायला गेलो तर नेमकं काय पाहावं?

आधी रस्त्याच्या पलीकडे उभे राहा. कमानी आणि घुमट दुरूनच नीट कळतात. फाटकाशी गेलं की वाहनं आणि फलकच दिसतात. मग आत येताना छताची उंची पाहा. आजच्या कचेरीला 10 फूट पुरतात. जुन्या दालनांची छतं त्याहून बरीच उंच, कारण वर चढलेली गरम हवा बाहेर जायला जागा हवी. मे महिन्यात बडोद्यात पारा 42-43 वर जातो. विजेच्या पंख्याआधीचा उपाय म्हणजे हीच उंची, जाड भिंत आणि समोरासमोर उघडणाऱ्या कमानी.

आता याच कमानी कुठे प्लायवूडने, कुठे काचेने, कुठे विटांनी बंद केलेल्या दिसल्या की समजा, तिथे हवा थांबली. हवा थांबली की भिंतीतली ओल सुकत नाही. ओल सुकली नाही की रंगाचे पोपडे निघतात, आणि कंत्राटदार त्यावर पुन्हा सिमेंटचा गिलावा मारतो. संस्थानी काळातल्या कुठल्याही कचेरीत हे दुष्टचक्र तळमजल्याच्या भिंतींवर, जमिनीपासून गुडघा ते कंबर उंचीपर्यंत पाहायला मिळतं.

कामाच्या दिवशी गेलात तर बाहेरून आणि सार्वजनिक वाटेवरून पाहायला हरकत नसते. दालनांत छायाचित्रं काढायची तर आधी परवानगी घ्या.

सिमेंटने काय बिघडतं? मजबूतच तर होतं.

मजबूत होतं, तेच बिघडतं. त्या काळच्या विटा भाजलेल्या पण सच्छिद्र, आणि सांधे चुन्याचे. पावसाळ्यात भिंत पाणी पिते आणि नंतर सांध्यांतून बाहेर सोडते. सांध्यात सिमेंट भरलं की पाण्याची वाट बंद होते. मग ते विटेच्या तोंडातून निघतं, सोबत क्षार आणतं, क्षार पृष्ठभागाखाली स्फटिक होऊन फुगतात आणि विटेचं तोंड झडतं. यालाच गवंडी लोणा लागला म्हणतात. काही वर्षांनी सिमेंटच्या रेघा जाळीसारख्या पुढे आलेल्या आणि मधल्या विटा खड्ड्यात गेलेल्या दिसतात.

बरोबर पद्धत वेळखाऊ आहे, पण अवघड नाही. कळीचा चुना हौदात विझवून, वर पाण्याचा थर ठेवून किमान तीन-चार आठवडे मुरवायचा; तीन महिने मुरला तर उत्तम. मिश्रण साधारण 1 भाग चुना, 1 भाग सुरखी (भाजलेल्या विटेची भुकटी) आणि 2 भाग धुतलेली वाळू. ते चुना मळण्याच्या घाण्यात नीट मळलं गेलं पाहिजे; फावड्याने पाटीत कालवलेला चुना भुसभुशीत राहतो. सांधा त्याच्या रुंदीच्या दुप्पट खोल, हाताच्या छिन्नीने खरवडायचा. ग्राइंडर चालवला की विटेच्या कडा जातात आणि त्या परत येत नाहीत. सांधा ओला करायचा, दाबून भरायचा, आणि ओल्या गोणपाटाने किमान दोन आठवडे झाकून ठेवायचा. चुना हवेतला कार्बन डायऑक्साइड घेत हळूहळू घट्ट होतो; एप्रिलच्या उन्हात उघडा टाकला तर आधीच वाळतो आणि पावडर होऊन पडतो. बडोद्यात या कामाचा हंगाम म्हणजे नोव्हेंबर ते फेब्रुवारी. मार्चअखेरचा निधी संपवायचा म्हणून मार्चमध्ये काढलेलं चुन्याचं काम हमखास फसतं.

आपल्या भिंतीत चुना आहे की सिमेंट, कसं ओळखायचं?

व्हिनेगरचे थेंब टाकून बुडबुडे बघा असं सांगितलं जातं. त्यावर विसंबू नका, जुनं सिमेंटही थोडं फसफसतं. त्यापेक्षा खिशातल्या चाकूने सांधा खरवडा. चुना नखालाही थोडा झिजतो, रंग पांढरट किंवा सुरखीमुळे गुलाबीसर, आणि आत चुन्याचे बारीक पांढरे खडे दिसतात. सिमेंट करडं असतं आणि चाकू त्यावरून घसरतो.

घुमटावर पिंपळ उगवलाय. उपटून टाकला तर?

जिवंत झाड उपटू नका. मूळ सांध्यांत पसरलेलं असतं, ओढलं की दगड-विटा हलतात. नुसतं छाटूनही उपयोग नाही, पुढच्या पावसात दुप्पट फुटवा येतो. खोड बोटभर ठेवून कापायचं, त्यात उभं भोक पाडून लगेच झाडमार औषध भरायचं आणि तोंड बंद करायचं. मूळ पूर्ण वाळायला काही महिने लागतात. वाळल्यावर तेवढाच भाग सोडवायचा, मूळ काढायचं आणि पोकळीत पातळ चुना ओतायचा. रोप वीतभर असतानाच हे केलं तर तासाभराचं काम. मनगटाएवढं खोड झालं की परांची बांधून घुमटाचा तुकडा उतरवावा लागतो.

फायली आणि गच्चीचा भार खरंच एवढा असतो?

असतो, आणि तो कुणाच्या डोळ्यांवर येत नाही. मीटरभर रुंद, दोन मीटर उंच, हातभर खोल रॅक कागदांनी गच्च भरला की त्याचं वजन 350 ते 400 किलोच्या घरात जातं. असे दहा रॅक खोलीच्या मधोमध ओळीने मांडले की चार टन. त्या काळच्या मजल्यांत बरेचदा लोखंडी तुळया आणि मध्ये विटांच्या लहान कमानी असतात. सगळे रॅक एकाच तुळईवर, तिच्या लांबीच्या दिशेने मांडले तर ती वाकते. ओळ तुळयांना आडवी लावा, म्हणजे भार अनेक तुळयांवर वाटला जातो, आणि शक्यतो भिंतीजवळ ठेवा. त्याहून चांगलं म्हणजे जुनं दफ्तर तळमजल्यावर, पण ओल न लागणाऱ्या भागात.

गच्चीची गोष्ट अशीच. गळती झाली की जुन्या कोब्यावर नवा कोबा. 10 सेंटिमीटरचा एक थर दर चौरस मीटरला 180-190 किलो घालतो. तीन थर साचले की अर्धा टन, आणि पाणी तरीही गळतं, कारण मूळ दोष पन्हळीत असतो. आधी पन्हळी आणि पावसाच्या पाण्याचे नळ मोकळे करा. 15 जूनच्या आत. बादलीभर पाणी ओतून ते खाली किती वेळात येतं ते बघा. मग उतार तपासा, दर 60 ते 80 सेंटिमीटरला एक सेंटिमीटर पुरतो. एवढं करूनही गळत असेल तर जुने थर काढून नवा घाला, वर चढवू नका.

तुळईला समांतर छताला सरळ चीर दिसली तर आतलं लोखंड गंजून फुगतंय असं समजा. वातानुकूलन यंत्रांचं पाणी हे त्याचं एक मोठं कारण: दमट हवेत दीड टनाचं यंत्र तासाला लिटर-दीड लिटर पाणी टाकतं आणि ती नळी बरेचदा भिंतीवरच सोडलेली असते.

चीर धोक्याची आहे का, हे घरच्या घरी कळेल?

ती वाढतेय का एवढं कळेल. चिरेच्या आडवी काचेची पातळ पट्टी दोन्ही टोकांना प्लास्टरने चिकटवा, तारीख लिहा. काच तडकली तर भिंत हलतेय. किमान एक उन्हाळा आणि एक पावसाळा जाऊ द्या. बडोद्याची काळी माती पावसात फुगते, उन्हात आकसते, आणि काही चिरा तिच्याबरोबर उघडझाप करतात. नुसतं लांबी (पुट्टी) भरून रंग दिला तर हा पुरावा पुसला जातो.

इमारतीचे जुने कागद पाहायचे आहेत. कुठून सुरुवात करू?

छापील साधनांपासून. बडोदे संस्थानचे वार्षिक राज्यकारभार अहवाल आणि 1923 चं दोन खंडांतलं बडोदे संस्थान गॅझेटियर आधी पाहा. सरकारी हुकूम ‘आज्ञापत्रिके’त छापले जात. मूळ दफ्तरासाठी गुजरात राज्य अभिलेखागाराचं दक्षिण वर्तुळ कार्यालय बडोद्यातच आहे. एकोणिसाव्या शतकातला बराच मजकूर मोडीत आहे, म्हणून मोडी वाचणारा माणूस सोबत हवा; 1900 नंतरच्या कागदांत गुजराती आणि इंग्रजी वाढत जातं. इथल्या मराठी घरांतल्या मुलांना गुजराती येतंच, मोडी शिकली तर हे सगळं दफ्तर त्यांच्यासाठी उघडं आहे.

अलीकडच्या दुरुस्त्यांची माहिती हवी असेल तर माहिती अधिकाराचा अर्ज महापालिकेच्या जन माहिती अधिकाऱ्याकडे करा. अर्ज गुजराती, हिंदी किंवा इंग्रजीत चालतो, मराठीत नाही. गुजरातमध्ये शुल्क 20 रुपये, साध्या प्रतीला पानामागे 2 रुपये. ‘इमारतीची सगळी माहिती द्या’ असं लिहू नका, उत्तर मोघम येतं. वर्ष, काम आणि कागद नेमका सांगा: अमुक आर्थिक वर्षातल्या गच्ची-दुरुस्तीचं अंदाजपत्रक, मोजमाप पुस्तिकेची पानं, अंतिम देयक. मोजमाप पुस्तिका महत्त्वाची. चुना मागवला होता की सिमेंट, आणि किती, ते तिच्यातच कळतं. 30 दिवसांत उत्तर आलं नाही तर पुढच्या 30 दिवसांत पहिलं अपील करा.